लीलाराणी कुठं कुठं जाऊन आली?

मैत्रिणींनो, दुपारची झाकपाक झाली की घटकाभर पुस्तक घेऊन आडवं व्हायची सवय तुमच्यापैकी पुष्कळ जणींना असेल. आज अशा एका ग्रंथाची ओळख करून देते, जो बहुतेक घरांत आजोबांच्या कपाटात कापडात बांधून ठेवलेला असतो. ‘हे काही आपल्यासाठी नाही’ म्हणून आपण त्याला हात लावत नाही. ग्रंथाचं नाव ‘योगवासिष्ठ’. एका जगातून दुसऱ्या जगात, तिथून तिसऱ्या जगात असा प्रवास त्यात आहे. आणि तो करतं कोण? एक बाई!

मला त्याची आठवण झाली ती आमच्या ओळखीच्या एका बाईंमुळे. यजमान गेले, वर्षही झालं नव्हतं. कुणीतरी सांगितलं, अमुक एक जण ‘गेलेल्यांशी बोलणं करून देतात’. बाई तीन वेळा जाऊन आल्या, प्रत्येक वेळी पाकीट ठेवून आल्या. मला म्हणाल्या, “अहो, मला फक्त एवढंच कळायला हवंय, ते आहेत कुठं?” या प्रश्नाला हसण्यासारखं काही नाही. लीलाराणीनं नेमका हाच प्रश्न विचारला होता.

ग्रंथ कसला?

परंपरेनं तो वाल्मीकींचा मानतात आणि त्याला ‘महारामायण’ही म्हणतात. पण अभ्यासकांच्या मते त्याचं मूळ रूप दहाव्या शतकात काश्मीरमध्ये तयार झालं. सोळा वर्षंही पुरी न झालेला राम तीर्थयात्रा करून आला आहे, त्याचं कशातच मन लागत नाही. दशरथाच्या भर दरबारात वसिष्ठ त्याला समजावतात, आणि समजावतात ते गोष्टी सांगून. गोष्टीत गोष्ट, तिच्या पोटात आणखी एक. या गोष्टी म्हणजे दृष्टांत आहेत, घडलेला इतिहास नव्हे, हे ग्रंथच सांगतो. त्याची मोहिनी दूरवर पोचली. शाहजादा सलीमसाठी त्याचं फारसी भाषांतर झालं. ग्रंथाची १६०२ सालची सचित्र फारसी हस्तलिखित प्रत डब्लिनच्या चेस्टर बीटी संग्रहात आहे. पुढं १६५६ मध्ये दारा शुकोहनं पुन्हा भाषांतर करवलं. आपल्या मुंबईच्या निर्णयसागर छापखान्यानं १९११ साली मूळ संस्कृत ग्रंथ टीकेसह छापला.

राणीची काळजी

आता गोष्ट ऐका. पद्म नावाचा राजा, लीला त्याची राणी. सगळं सुखाचं चाललेलं, पण राणीच्या मनात एकच धाकधूक, यांच्याआधी मी गेले तर बरं, पण हे आधी गेले तर? तिनं ब्राह्मणांना विचारलं, मरणच येऊ नये असा काही उपाय? ते म्हणाले, तपानं पुष्कळ काही मिळतं, हे मात्र मिळत नाही. मग तिनं सरस्वतीची आराधना केली आणि दोन वर मागून घेतले. पती गेलेच तर त्यांचा जीव या महालाबाहेर जाऊ नये, आणि मी हाक मारीन तेव्हा तू यावंस.

पुढं राजा गेलाच. सरस्वतीच्या सांगण्यावरून लीलेनं त्याचा देह फुलांनी झाकला आणि जवळ बसून ध्यान लावलं. पाहते तो काय, राजा सोळा वर्षांचा होऊन दुसऱ्याच एका दरबारात बसलेला! भोवती ओळखीचेच चेहरे. लीलेला मात्र तिथं कुणी पाहू शकत नाही.

इथं दुसरी कुणी असती तर भारावून गेली असती. लीलेनं काय करावं? ती परत आली, मध्यरात्री दासींना उठवलं, दिवे लावायला सांगितले, दरबार भरवला, आणि आपली माणसं जागच्या जागी आहेत की नाहीत ते एकेक करून पाहिलं. सगळे होते. म्हणजे इथंही आहेत आणि तिथंही. मग खरं कोणतं?

आठ दिवस आणि एक जन्म

सरस्वतीनं दिलेलं उत्तर चक्रावून टाकणारं आहे. एका डोंगरावर एक गरीब ब्राह्मण राहत होता. राजाची स्वारी जाताना पाहून त्याला वाटलं, आपणही असं राजा व्हावं. तो वारला. तोच हा पद्म राजा, आणि त्याची बायको ती तू. तो वारल्याला अजून आठच दिवस झालेत! तुमचं राज्य, नद्या, डोंगर, सगळं त्याच्या झोपडीतल्या एवढ्याशा जागेत आहे. लीला म्हणते, मोहरीच्या दाण्यात हत्ती बांधल्यासारखंच झालं की हे! सरस्वती वाद घालत बसत नाही. चल, दाखवते, म्हणते.

उंबरठ्याशी

दोघी आकाशमार्गानं त्या झोपडीपाशी येतात. आणि मग लीलेला आठवू लागतं. इथं मी सरपण वेचलं, शेण गोळा केलं, भाजीच्या वाफ्याला पाणी घातलं, वासरामागं धावले. एवढ्या मोठ्या वेदान्ताच्या ग्रंथात शेणसरपणाची ही याद वाचताना मला तर गहिवरून आलं. राणीपद काय, नि गोठा काय, दोन्हीकडे राबणारी तीच.

घरात मोठा मुलगा आईवडिलांच्या दुःखात बसलेला. त्याला समोर दिसतात त्या दोन वनदेवता, आई काही दिसत नाही. तो नमस्कार करून आपलं दुःख सांगतो. लीला त्याच्या डोक्यावर हात ठेवते आणि त्याचा शोक ओसरतो. इथं रामही मध्येच विचारतो, ती आईच्या रूपात का नाही भेटली? वसिष्ठ सांगतात, तिला उमगलं होतं. माझंतुझं आता उरलं नव्हतं, हात ठेवला तो करुणेनं.

पुढचा प्रवास लांबचा आहे. दुसऱ्या जगात विदूरथ नावानं राज्य करणारा तोच पती, त्याची लढाई, लीला याच नावाची त्याची दुसरी राणी, आणि शेवटी फुलांखालून पद्म राजाचं उठून बसणं. ते सगळं तुम्हीच वाचा, मी रंगाचा बेरंग करत नाही.

मग आपण काय घ्यायचं?

‘पाहा, राजा उठला की नाही? मग आमचे का भेटणार नाहीत?’ असं कुणी म्हणेल. नाही हो. गोष्टीतला राजा उठला, आपलं माणूस उठत नाही, आणि तशी आशा दाखवून पैसे घेणाऱ्याला या ग्रंथाचा आधार नाही. लीलेकडून घ्यायचं ते दुसरंच. तिनं दुःखात प्रश्न विचारायचं सोडलं नाही. डोळ्यांनी पाहिलेल्या चमत्काराचीसुद्धा तिनं दिवे लावून खात्री करून घेतली. आणि आपलं दुःख घेऊन निघालेली ही बाई वाटेत एका पोरक्या मुलाच्या डोक्यावर हात ठेवून गेली.

वाचायचंच तर पहिल्या पानापासून नेटानं सुरुवात करू नका, कंटाळाल. सहा प्रकरणांपैकी तिसरं, ‘उत्पत्ति प्रकरण’ काढा, त्यात लीलेची कथा आहे. ती आवडली तर शेवटच्या ‘निर्वाण प्रकरणा’तली चूडाला राणी पाहा. नवऱ्याआधी तिला ज्ञान झालं, त्यानं ते हसण्यावारी नेलं, आणि तो वनात गेल्यावर राज्य चालवलं तिनंच! मराठी भाषांतरं मिळतात. रोज दोन पानं पुरेत.

त्या ओळखीच्या बाईंना मी लीलेची गोष्ट दोन दुपारी वाचून दाखवली. मुलाच्या डोक्यावर हात ठेवल्याचं आलं तेव्हा त्या बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, “धाकटा हल्ली माझ्याशी बोलतच नाही. मीच कुठं बोलते म्हणा.” आणि दिवेलागणीच्या आधी घरी जायला उठल्या.