छायालेखक काय करतो?

सिनेमात नट दिसतो, नटी दिसते. पण त्यांना आपल्याआधी कोण पाहतो? कॅमेऱ्यामागे उभा असलेला माणूस. त्याला छायालेखक म्हणतात. गावातले लोक कॅमेरामन म्हणतात. तो पडद्यावर कधी येत नाही. पण तो दाखवील तेच आपण पाहतो.

कॅमेरा सुरू केला की काम झाले, असे नाही. उजेड कुठून यावा, कॅमेरा कुठे ठेवावा, माणूस जवळून दाखवावा की लांबून, हा सारा विचार त्याला करावा लागतो. आपल्या मोहन्याजवळची उल्हास नदी सकाळी बघा. ऊन तिरपे असते. काठच्या झाडांच्या लांब सावल्या पडतात. भर दुपारी तीच नदी पांढरी फटक दिसते, डोळे दिपतात. नदी तीच, उजेड निराळा. उजेड ओळखणे हीच छायालेखकाची विद्या.

ही विद्या शिकवणारी संस्था सरकारने १९६० साली पुण्यात काढली. अविनाश अरुण तेथेच शिकले. ‘किल्ला’ हा मराठी चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केला आणि त्याचे छायालेखनही स्वतःच केले.

त्यात चिन्मय नावाचा मुलगा आहे. त्याचे वडील वारलेले. आईची नोकरी सरकारी. तिची बदली कोकणात होते. गाव नवे, शाळा नवी. एकदा बरोबरची पोरे त्याला किल्ल्यावर एकटा सोडून निघून जातात. वरून मुसळधार पाऊस! तेथे लांबलचक बोलणे नाही. एवढा मोठा किल्ला, एवढा पाऊस आणि त्यात एवढेसे पोर. बघणाऱ्याला सगळे समजते.

बापावाचून वाढणारी पोरे आपल्याही गावात आहेत. ती तोंडाने सांगत नाहीत. त्यांच्याकडे नीट बघावे लागते. असे बघायला हा चित्रपट शिकवतो.

२०१४ साली जर्मनीत बर्लिनच्या महोत्सवात ‘किल्ल्या’ला बक्षीस मिळाले. ते देणारे पंच तेथली मुलेच होती. त्यांना मराठी येत नव्हते, पण चिन्मयचे दुःख त्यांना कळले.

पुढे २०१५ साली आलेल्या ‘मसान’ या हिंदी चित्रपटात अविनाश अरुण यांनी काशीचे घाट दाखवले. ‘थ्री ऑफ अस’ या चित्रपटात स्मरणशक्ती हरवत चाललेली एक बाई कोकणातल्या आपल्या लहानपणच्या गावी परत जाते. त्याच्या छायालेखनासाठी त्यांना २०२४ साली फिल्मफेअर पारितोषिक मिळाले.

चित्रपटाच्या सुरुवातीला किंवा शेवटी पडद्यावर नावे येतात. पूर्वी ती नुसती सरकून जात. आता तुम्हाला वाचता येते. तेव्हा लगेच उठू नका. ‘छायालेखन’ किंवा ‘छायांकन’ हा शब्द शोधा आणि त्यापुढचे नाव वाचा.