क्लाउड स्टोरेज समक्रमणातील अडचणी

क्लाउड स्टोरेज समक्रमण (सिंक) म्हणजे वैयक्तिक संगणकावरील एखादे फोल्डर आणि सेवादात्याच्या सर्व्हरवरील त्याची प्रत सतत सारखी ठेवण्याची प्रक्रिया होय. ड्रॉपबॉक्स (२००८ पासून सर्वांसाठी खुले), गुगल ड्राइव्ह (२०१२) आणि वनड्राइव्ह (२०१४ पर्यंत स्कायड्राइव्ह) या तिच्या प्रचलित सेवा आहेत. समक्रमण म्हणजे बॅकअप नव्हे. एका संगणकावर पुसलेली फाइल इतर सर्व ठिकाणांहूनही पुसली जाते. गुगल ड्राइव्हच्या कचरापेटीत ती ३० दिवस राहते, नंतर कायमची जाते.

== सर्वसाधारण कारणे ==
समक्रमण थांबण्याचे सर्वांत साधे कारण म्हणजे जागा संपणे. गुगलची १५ जीबी मोफत जागा जीमेल, फोटो आणि ड्राइव्ह यांत मिळून असते, त्यामुळे ड्राइव्ह जवळजवळ रिकामे असूनही ती भरू शकते. संगणकाचे घड्याळ चुकलेले असल्यास सुरक्षित जोडणी नाकारली जाते. एकच फाइल दोन संगणकांवर एकाच वेळी बदलली गेल्यास ड्रॉपबॉक्स एक वेगळी 'विसंगत प्रत' तयार करते. ही प्रत निरुपयोगी समजून पुसली जाते, आणि अनेकदा नवे काम नेमके तिच्यातच असते.

== देवनागरी नावे ==
मराठी वापरकर्त्यांच्या काही अडचणी इंग्रजी मदतपानांवर सहसा आढळत नाहीत. फाइलनावात तिरकी रेघ किंवा अपूर्णविराम विंडोजवर चालत नाही. मॅकच्या फाइंडरमध्ये मात्र '७/१२ उतारा' असे नाव सहज देता येते आणि ती फाइल पुढे विंडोजवर त्याच नावाने उतरू शकत नाही. 'सातबारा' असे अक्षरी लिहिणे हा यावरील सोपा उपाय आहे.

'वऱ्हाड', 'दुसऱ्या' अशा शब्दांतील 'ऱ' युनिकोडमध्ये एका संकेताने किंवा 'र' आणि नुक्ता अशा दोन संकेतांनी लिहिता येतो. जुन्या मॅक संगणकांवरील एचएफएस प्लस ही फाइल-प्रणाली नावे विघटित रूपात साठवते. विंडोजला ही दोन रूपे भिन्न वाटतात, आणि डोळ्यांना अगदी सारखी दिसणारी दोन फोल्डरे तयार होतात. 'र', हलन्त आणि अदृश्य जोडचिन्ह वापरून टंकलेले तिसरे रूप तर प्रमाणीकरणानंतरही वेगळेच राहते.

नावाची लांबी हा आणखी एक मुद्दा आहे. यूटीएफ-८ मध्ये प्रत्येक देवनागरी चिन्हाला ३ बाइट लागतात; काना, मात्रा, अनुस्वार आणि हलन्तही त्यात वेगळे मोजले जातात. लिनक्सच्या एक्स्ट-४ प्रणालीत नावाची मर्यादा २५५ बाइट, म्हणजे ८५ चिन्हे, इतकी आहे. २०२३ मध्ये औरंगाबाद शहराचे अधिकृत नाव छत्रपती संभाजीनगर झाले. जुने नाव २४ बाइटांचे, तर नवे मधल्या जागेसह ४९ बाइटांचे आहे. पत्त्याप्रमाणे एकात एक रचलेल्या फोल्डरांत हे नाव जितक्या पायऱ्यांवर येते तितक्या वेळा हा फरक संपूर्ण मार्गात वाढतो. विंडोजवरील अनेक प्रोग्रॅम अजूनही संपूर्ण मार्गासाठी २६० वर्णांची जुनी मर्यादा पाळतात; तेथे मोजणी बाइटांत होत नसली तरी ८ ऐवजी १७ वर्ण लागतात. असे फोल्डर पुनर्नामित करताना एकाच संगणकावर नाव बदलून समक्रमण पूर्ण होऊ द्यावे. दोन्हीकडे हाताने बदलल्यास दुहेरी फोल्डरे उद्भवू शकतात.

== दुरुस्तीचा क्रम ==
प्रथम सेवेच्या संकेतस्थळावर फाइलची सद्यस्थिती पाहावी. तेथे नवी प्रत असेल तर अडचण फक्त स्थानिक संगणकाची ठरते. मग जागा, घड्याळ आणि लॉगिन तपासावे, अडलेल्या फाइलचे नाव लहान करावे, ती दुसऱ्या प्रोग्रॅममध्ये उघडी असल्यास बंद करावी, आणि समक्रमण थांबवून पुन्हा सुरू करावे. एवढ्याने बहुतेक वेळा काम भागते.

खाते तोडून पुन्हा जोडणे किंवा वनड्राइव्ह रीसेट करणे हा शेवटचा उपाय आहे. त्याआधी सर्व्हरवर न पोहोचलेल्या फाइली समक्रमित फोल्डरच्या बाहेर, शक्यतो पेनड्राइव्हवर, उतरवून घेणे अत्यावश्यक असते. ढगाचे चिन्ह असलेल्या फाइली संगणकावर प्रत्यक्षात नसतात, फक्त त्यांची नावे दिसतात. इंटरनेट बंद असताना त्यांची प्रत घेता येत नाही.

<nowiki/>