खेळून घर चालेल का?

जोतिबाच्या डोंगराच्या पायथ्याशी राहणाऱ्या एका परिचित वालिदांनी परवा विचारले, "पोरगं चांगलं खेळतंय भाईजान, पण खेळून घर चालंल काय?" मुलगा बारावीत आहे आणि फुटबॉलवर त्याचा जीव आहे. कोल्हापूरला खेळाचे वेड नवे नाही. इथे गल्लोगल्ली तालमी आहेत आणि फुटबॉलच्या सामन्याला गाव लोटते. पण आईवडिलांचा हा प्रश्न खोटा नाही. त्याचे उत्तर शोधताना मी मुद्दाम गोल्फकडे वळलो. श्रीमंतांचा समजला जाणारा हा खेळ, आणि त्यात ना महिन्याचा पगार, ना पेन्शन. इथे ज्याचे घर चालले, त्याच्याकडून शिकण्यासारखे बरेच असणार.

आपल्या महाराष्ट्रातले नाव घ्यायचे तर पुण्याचे उदयन माने. ते २०१५ मध्ये व्यावसायिक झाले आणि भारतीय स्पर्धांत एकामागून एक विजेतेपदे मिळवत गेले. २०२१ मध्ये झालेल्या टोकियो ऑलिम्पिकचे दार मात्र त्यांच्यासाठी ऐनवेळी उघडले. अर्जेंटिनाच्या एमिलियानो ग्रिलो यांनी माघार घेतली आणि ६० खेळाडूंच्या यादीत माने यांचे नाव आले. गोल्फमध्ये कमी फटके मारणारा जिंकतो. पहिल्या दिवशी माने यांना ७६ फटके लागले, म्हणजे ठरलेल्या प्रमाणापेक्षा पाच जास्त. पुढचे तीन दिवस त्यांनी खेळ सावरला, तरी शेवटी ते ५६ वे आले. पदक नाही, पण आपल्या देशाच्या चार गोल्फपटूंत एक मराठी नाव होते.

आता पैशाचा हिशोब पाहू. देशातल्या व्यावसायिक स्पर्धांचे काम २००६ पासून 'प्रोफेशनल गोल्फ टूर ऑफ इंडिया' पाहते. स्पर्धा बहुधा चार दिवसांची असते. दोन दिवसांनंतर साधारण निम्मे खेळाडू बाद होतात, त्याला 'कट' म्हणतात. कट चुकला की बक्षिसाची रक्कम शून्य, पण रेल्वे-विमानाचे भाडे, राहणे, जेवण, कॅडीची मजुरी हा सगळा खर्च झालेलाच असतो. पुढच्या आठवड्यात दुसऱ्या शहरात पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. म्हणून प्रायोजक किंवा घरचा आधार नसेल तर चांगला खेळाडूही दोन-तीन हंगामांत थकून जातो.

मग गरीब घरातल्या मुलाने काय करायचे? याचे उत्तर अली शेर यांच्या आयुष्यात आहे. दिल्ली गोल्फ क्लबमध्ये ते दुसऱ्यांच्या बॅगा उचलणारे कॅडी होते. खेळणाऱ्यामागे मैलोन् मैल चालायचे, चेंडू शोधायचा, कोणता फटका कसा बसतो ते पाहायचे, हीच त्यांची शाळा. १९९१ मध्ये त्याच मैदानावर त्यांनी 'इंडियन ओपन' जिंकली. त्याआधी १९६५ मध्ये पी. जी. सेठी यांनी ती जिंकली होती, पण हौशी खेळाडू म्हणून. खेळावर पोट असलेल्या भारतीयाने ही स्पर्धा जिंकण्याची ही पहिलीच वेळ. त्या वर्षीचा अर्जुन पुरस्कार त्यांना मिळाला आणि १९९३ मध्ये त्यांनी तीच स्पर्धा पुन्हा जिंकली. १९९८ मध्ये फिरोज अली मुल्ला, २००९ मध्ये बंगळुरूचे मुनियप्पा यांनी तो मान मिळवला. २०१६ आणि २०१७ अशी सलग दोन वर्षे ती जिंकणारे शिवशंकर प्रसाद चौरासिया हे तर कोलकात्याच्या मैदानावर गवत राखणाऱ्या माणसाचे चिरंजीव.

पण या गोष्टी ऐकून भुलून जाऊ नये. दिल्लीच्या रशीद खान यांनी २०१० च्या आशियाई क्रीडा स्पर्धेत भारतीय संघातून रौप्यपदक मिळवले आणि २०१४ मध्ये आशियाई टूरच्या दोन स्पर्धा जिंकल्या. एवढे करूनही सरावाला मैदान मिळत नाही, ही व्यथा त्यांना जाहीरपणे मांडावी लागली. अंगात हुनर असून भागत नाही, मैदानाचे फाटकही उघडावे लागते.

या खेळातली एक गोष्ट मला फार भावली. गोल्फच्या मैदानात प्रत्येक फटक्यामागे पंच उभा नसतो. झाडीत चेंडू चुकून हलला तर खेळाडूने स्वतःच सांगायचे आणि दंडाचा फटका स्वतःच्या नावावर लिहून घ्यायचा. झालेल्यापेक्षा कमी गुण लिहिलेल्या कार्डावर सही केली, तर स्पर्धेतून बाद. कोणी पाहत नसतानाचा हा इमान घरातही शिकवता येतो, त्याला मैदान लागत नाही.

त्या वालिदांना मी एवढेच सांगितले. मुलाला खेळू द्या, पण शिक्षण सोडू देऊ नका. वर्षाचा खर्च कागदावर मांडा आणि किती वर्षे तो झेपेल ते मुलाला स्पष्ट सांगा. जिल्हा आणि राज्य पातळीवर तो कुठे बसतो हे दर वर्षी पाहा. प्रशिक्षक, पंच, मैदानाची निगा राखणारा, फिजिओथेरपिस्ट अशी खेळाच्या आसपासची कामेही रोजीरोटीचीच आहेत, तीही त्याला दाखवा.

शाहू महाराजांनी १९०६ मध्ये कोल्हापुरात मोहमेडन एज्युकेशन सोसायटी उभी केली, तेव्हा आपल्या मुलांसाठी शिक्षणाचे दार उघडले. आज आपल्या मोहल्ला कमिट्यांनी दर वर्षी एका होतकरू खेळाडूचा प्रवासखर्च उचलला, तरी एखाद्या घरातला हा प्रश्न हलका होईल. त्या वालिदांनी वही काढून खर्च लिहायला घेतला आहे. पहिल्या ओळीत बुटांची किंमत आहे.