बुलोसानचा ‘मी’

फिलिपिनो-अमेरिकन साहित्याचा विचार कार्लोस बुलोसानच्या ‘अमेरिका इज इन द हार्ट’ला वगळून करता येत नाही. १९४६ साली हे पुस्तक आत्मचरित्र म्हणून प्रसिद्ध झाले. आज अनेक अभ्यासक त्याला आत्मचरित्रात्मक कादंबरी म्हणतात. मला हा केवळ वर्गीकरणाचा वाद वाटत नाही. त्यातला ‘मी’ कोण, यावर पुस्तकाचा अर्थ ठरतो.

बुलोसान लुझोन बेटावरच्या बिनालोनानचा, शेतकरी घरातला. १९३० साली तो सिअ‍ॅटलला उतरला. फिलिपिन्स तेव्हा अमेरिकेच्या ताब्यात होते. तिथली माणसे अमेरिकेची प्रजा होती, नागरिक नव्हती. त्यांना येण्याची मुभा होती, मताचा हक्क नव्हता. त्याच वर्षी जानेवारीत कॅलिफोर्नियातल्या वॉटसनव्हिल इथे जमावाने फिलिपिनो मजुरांवर हल्ले केले. त्यात फर्मिन टोबेरा हा तरुण मजूर मारला गेला. १९३३ मध्ये त्या राज्याने फिलिपिनो आणि गोऱ्यांच्या विवाहावर बंदी घातली. १९३४ च्या कायद्याने फिलिपिन्सला स्वातंत्र्याचे वचन मिळाले, आणि स्थलांतरितांची मर्यादा वर्षाला ५० वर आली.

पुस्तकात मुलाच्या शिक्षणापायी हातची जाणारी जमीन, अलास्कातले मासे डबाबंद करण्याचे कारखाने, कॅलिफोर्नियातले मळे, पोलिसांची मारहाण आणि कामगार चळवळ हे सारे एकाच निवेदकाच्या वाट्याला येते. प्रत्यक्षात बुलोसान प्रकृतीने नाजूक होता. क्षयामुळे १९३६ ते १९३८ ही वर्षे त्याने लॉस एंजेलिसच्या रुग्णालयात काढली. तिथेच त्याने झपाटल्यासारखे वाचन केले. एवढे सगळे एकट्याने सोसले असेल का, अशी शंका घेतली गेली, ती रास्तच आहे. पण तिच्यावरून पुस्तक खोटे ठरवणे मला मान्य नाही. ज्यांना लिहायला सवड नव्हती, ज्यांच्या मृत्यूची नोंदही धड झाली नाही, अशा अनेकांचे जगणे या ‘मी’त एकवटले आहे. त्याला एका माणसाच्या चरित्राचे माप लावले, तर ती माणसे पुन्हा एकदा वगळली जातात.

शीर्षकामुळेही गैरसमज होतो. ते कृतज्ञतेचे वाटते. मला तो हक्काचा दावा वाटतो. याला आधार त्याच्या आधीच्या एका लेखाचा आहे. फेब्रुवारी-मार्च १९४३ मध्ये ‘सॅटर्डे इव्हिनिंग पोस्ट’ने रूझवेल्टच्या चार स्वातंत्र्यांवर नॉर्मन रॉकवेलची चित्रे छापली. ‘अभावापासून मुक्ती’चे चित्र म्हणजे जेवणाच्या टेबलाभोवती जमलेले सुखी कुटुंब. सोबतचा लेख होता बुलोसानचा. पीक काढणाऱ्याला त्या पिकात वाटा मिळत नाही तोवर तो स्वतंत्र नाही, असा त्याचा आशय. चित्रात जेवणारे होते. लेखात ते अन्न पिकवणारे होते.

पुस्तक निघाले त्याच वर्षी ल्यूस-सेलर कायद्याने फिलिपिनोंना, आणि त्यांच्यासोबत भारतीयांनाही, अमेरिकन नागरिकत्वाची वाट मोकळी झाली. पुढे कम्युनिस्टविरोधी वातावरणात बुलोसान मागे पडला. १९५६ मध्ये सिअ‍ॅटलमध्ये गरिबीत वारला. १९७३ च्या पुनर्मुद्रणाने हे पुस्तक नव्या पिढीच्या हाती आले. त्या पिढीने त्यात एका माणसाची कहाणी शोधली नाही. आपल्या बापजाद्यांची शोधली. बुलोसानच्या ‘मी’चा खरा अर्थ त्या वाचकांना कळला, असे मी मानतो.