सोनियाचं माहेर

बहिणींनो, जळगाव-धुळ्याच्या आमच्या गटांमध्ये बारशाला सोनिया हे नाव हमखास सुचतं. जळगाव सोन्याची बाजारपेठ, म्हणून अर्थही सोनंच धरतात. ज्ञानेश्वरांच्या मराठीत 'सोनियाचा' म्हणजे सोन्याचा, हे खरं. पण या नावाचं माहेर रशिया. तिथं सोफियाला घरात लाडानं सोन्या म्हणतात. (आपल्याकडे सोन्या म्हणजे मुलगा, नाहीतर बैल!) सोफिया शब्द मूळ ग्रीक, अर्थ शहाणपण.

तिथं कागदावर सोफियाच राहते. आपल्याकडे दाखल्यावर पिंकी, आधारवर सोनिया, आणि खातं उघडताना बाई बँकेत अडते. जन्मनोंदीत बाळाचं नाव 12 महिन्यांपर्यंत फुकट घालता येतं, पुढे 15 वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. आत्यानं नाव ठेवलं की त्याच आठवड्यात ग्रामपंचायतीत जा.