मेनान्द्रोसचा मिलिंद कसा झाला?

मेनान्द्रोस नावाचा मुलगा तुमच्या वर्गात असण्याची शक्यता जवळजवळ नाहीच. पण मिलिंद? एखादा मित्र, एखादा मामा, पलीकडच्या इमारतीतले काका, नाहीतर शाळेतले सर, कुणीतरी मिलिंद तुमच्या ओळखीचा असणारच. आता गंमत ऐका. सुमारे बावीसशे वर्षांपूर्वी मेनान्द्रोस नावाचा एक ग्रीक राजा होता, आणि आपल्या जुन्या ग्रंथांनी त्यालाच ‘मिलिंद’ म्हटलं आहे. इतिहासाच्या पुस्तकांत तो बहुधा ‘मिनँडर’ या नावाने भेटतो.

आधी हे नाव जरा उघडून बघू. त्याचे दोन तुकडे होतात. पहिला तुकडा ग्रीक ‘मेनो’ या क्रियापदातला. त्याचा अर्थ थांबणं, टिकून राहणं, जागा न सोडणं. काही अभ्यासक तो ‘मेनोस’ या शब्दातला मानतात. मेनोस म्हणजे मनाचा जोर, आवेश. हा ‘मेनोस’ आपल्या संस्कृत ‘मनस्’चा सख्खा भाऊ आहे! दुसरा तुकडा ‘आनेर’, म्हणजे पुरुष. ‘पुरुषाचा’ असं म्हणायचं झालं की त्याचं रूप ‘आन्द्रोस’ होतं. सगळं जोडलं की ‘पाय रोवून उभा राहणारा गडी’ असा अर्थ निघतो. राजाला शोभेल असंच नाव.

‘आनेर’ आणि आपला ‘नर’ यांच्यातही नातं आहे बरं का. ग्रीक आणि संस्कृत या दोन्ही भाषा फार फार जुन्या एकाच भाषेतून फुटल्या, त्यामुळे असे कितीतरी शब्द दोन्हीकडे सापडतात. मग नर ठीक आहे, पण आन्द्रोसमध्ये हा ‘द’ कुठून घुसला?

जरा करून बघा. ‘अन्र अन्र अन्र’ असं भराभर दहा वेळा म्हणा. चार-पाच वेळा झालं की तुमच्याही नकळत ‘अंद्र अंद्र’ व्हायला लागतं. ‘न’ म्हणताना जिभेचं टोक वर टेकलेलं असतं आणि हवा नाकातून जात असते. तिथून ‘र’वर उडी मारताना नाकाची वाट आधी बंद झाली आणि जीभ जराशी उशिरा सुटली, की मधल्या निमिषात ‘द’ तयार होतो. कुणी मुद्दाम घातलेला नाही, तो आपोआप उमटतो. ‘वानर’चं हिंदीत ‘बंदर’ झालं आणि आपल्या गावाकडे ‘वांदर’ झालं, ते याच कारणाने.

हा ‘आन्द्रोस’ पुष्कळ ग्रीक नावांच्या शेपटीला असतो. लेआन्द्रोस या नावात सिंह आणि नर एकत्र आले आहेत. आपल्याकडच्या नरसिंहातही तेच दोन शब्द आहेत, फक्त उलट्या क्रमाने! आणि आलेक्सान्द्रोस म्हणजे माणसांचं रक्षण करणारा. अरबी बोलणाऱ्यांना त्यातला सुरुवातीचा ‘अल’ हा त्यांच्या भाषेतला नावाआधी लागणारा ‘अल’ वाटला, म्हणून त्यांनी तो सोडून दिला. राहिलेल्या भागात ‘क्स’ची अदलाबदल होऊन ‘स्क’ झाला, इस्कंदर झाला, आणि आपल्यापर्यंत येईतो सिकंदर. म्हणजे सिकंदरमधला ‘दर’ आणि मिलिंदमधला ‘द’ एकाच घरातले.

अथेन्समध्ये या राजाच्याही आधी एक मेनान्द्रोस होऊन गेला. तो विनोदी नाटकं लिहायचा. त्याची नाटकं शेकडो वर्षं हरवलेली होती. पुढे इजिप्तच्या कोरड्या वाळूत पपायरसवर लिहिलेली पानं मिळत गेली, आणि त्याचं एक जवळजवळ पूर्ण नाटक तर १९५८ मध्ये छापून आलं. तुमच्या आजोबांच्या लहानपणी! पण आपला मेनान्द्रोस वेगळा.

सिकंदर इ.स.पू. ३२७ मध्ये भारताच्या वायव्य सीमेवर आला आणि दोनच वर्षांत परत फिरला. त्याच्यामागून आलेले कितीतरी ग्रीक मात्र आजच्या अफगाणिस्तानाच्या भागात वसले, तिथे त्यांनी शहरं बांधली, राज्यं केली. त्यांच्यापैकी सर्वांत गाजलेला राजा म्हणजे मेनान्द्रोस. त्याचा काळ इ.स.पू. दुसऱ्या शतकाच्या मध्याचा. काबूलच्या खोऱ्यापासून पंजाबपर्यंत त्याचं राज्य होतं आणि राजधानी होती सागल. हे सागल म्हणजे पाकिस्तानातलं आजचं सियालकोट, असं बहुतेक अभ्यासक मानतात.

त्याने चांदीची भरपूर नाणी पाडली. त्यातलं एक छोटं नाणं डोळ्यांसमोर आणा. वजन जेमतेम अडीच ग्रॅम. एका बाजूला राजाचा चेहरा आहे, केसांवरून फीत बांधलेली, तिची टोकं मानेवर सुटलेली. कडेने गोल फिरणारी ग्रीक अक्षरं: बासिलेओस, सोतेरोस, मेनान्द्रू. म्हणजे ‘रक्षणकर्त्या राजा मेनान्द्रोसचं’. नाणं उलटं केलं की अथेना देवी दिसते, हातातलं वज्र फेकायच्या पवित्र्यात. आणि तिच्या भोवती वेगळीच वळणदार अक्षरं, उजवीकडून डावीकडे लिहिलेली. ही खरोष्ठी लिपी. तिथे लिहिलंय: महरजस त्रतरस मेनंद्रस.

वाचलंत ना? महाराजाचं, त्रात्याचं, मेनान्द्रोसचं! कोशात न बघता कळलं. ही प्राकृत भाषा आहे, आणि मराठीसुद्धा एका प्राकृतातूनच आली.

पण दोनशे वर्षांपूर्वी जगात कुणालाच खरोष्ठी वाचता येत नव्हती. लिपी पार विसरली गेली होती. ती कशी उलगडली, हा या सगळ्या गोष्टीतला माझा सर्वांत लाडका भाग.

चार्ल्स मॅसन नावाचा एक इंग्रज १८३० च्या दशकात अफगाणिस्तानात हिंडत होता. काबूलजवळच्या बेग्राम इथून त्याने हजारो जुनी नाणी गोळा केली. त्याच्या लक्षात आलं की नाण्याच्या दोन बाजूंना दोन लिप्या आहेत, तर मजकूर बहुधा एकच असावा. तिकडे कलकत्त्याच्या टांकसाळीत जेम्स प्रिन्सेप काम करत होता. धातूची शुद्धता तपासायची ही त्याची नोकरी, आणि जुनी नाणी वाचायची हा त्याचा ध्यास. मॅसनने सुचवलेला धागा त्याने पकडला.

आता तुम्हीच प्रिन्सेप व्हा. तुमच्यासमोर मेनान्द्रोसचं नाणं आहे आणि त्याच्याशेजारी अपोलोदोतोस नावाच्या दुसऱ्या राजाचं. ग्रीक बाजू तुम्हाला वाचता येते. दोन्हींवर ‘रक्षणकर्त्या राजाचं’ हे दोन शब्द सारखे आहेत, नाव तेवढं निराळं. मग नाणी उलटी करा. अनोळखी अक्षरांचे दोन शब्द दोन्हींवर अगदी सारखे दिसतात आणि एकच शब्द बदलतो. तो बदललेला शब्द काय असणार?

राजाचं नाव!

आणि नावाचं भाषांतर करत नाहीत. ‘राजा’ या शब्दाला प्रत्येक भाषेत वेगळा शब्द असतो, पण मेनान्द्रोसला कुठल्याही लिपीत लिहिलं तरी त्याचा आवाज मेनान्द्रोसच्या आसपासच राहतो. म्हणून नावापासून सुरुवात करायची. पहिलं अक्षर ‘मे’, दुसरं ‘न’... दुसऱ्या नाण्यावर ‘अ’, ‘प’, ‘ल’... असं एकेक अक्षर हाती लागत गेलं. दोन्ही नावांच्या शेवटी एकच चिन्ह होतं. त्याचा आवाज नीट कळायला जरा वेळ लागला, कारण ही भाषा इराणकडची असावी असं सुरुवातीला वाटत होतं. १८३८ मध्ये प्रिन्सेपला उमगलं की ते चिन्ह ‘स’ आहे आणि भाषा प्राकृत आहे. त्याच्याआधी एकच वर्ष त्याने सम्राट अशोकाची ब्राह्मी लिपी वाचून दाखवली होती. १८४० मध्ये तो वारला, तेव्हा अवघ्या चाळीस वर्षांचा होता. खरोष्ठीची उरलेली अक्षरं इतर अभ्यासकांनी सोडवली आणि शाहबाजगढीच्या खडकावरचे अशोकाचे लेखही बोलू लागले. त्या लेखांत अशोकाने आपल्या काळातल्या परदेशी राजांची नावं दिली आहेत. त्यात एक आहे ‘अलिकसुदर’. ओळखा कोण? तो जगज्जेता सिकंदर नाही हं, त्याच नावाचा नंतरचा एक राजा.

बरं, ‘मेनंद्र’पर्यंत समजलं. ‘मिलिंद’ कसा झाला? ‘न’च्या जागी ‘ल’ का आला?

पुन्हा एक प्रयोग. चिमटीत नाक घट्ट धरा आणि ‘ननन’ म्हणा. अडकतंय ना? आता नाक तसंच धरून ‘ललल’ म्हणा. अगदी सहज जमतं. दोन्ही वेळा जिभेचं टोक जवळपास एकाच जागी टेकतं. फरक हवेच्या वाटेचा आहे. ‘न’ची हवा नाकातून जाते, ‘ल’ची हवा जिभेच्या दोन्ही कडांवरून तोंडातून बाहेर पडते. म्हणजे ‘न’ आणि ‘ल’ भिंतीला भिंत लागून राहणारे शेजारी.

मेनंद्र या शब्दात नाकातले आवाज किती आहेत मोजा. म, न, आणि पुन्हा ‘द्र’च्या आधीचा अनुस्वार. लागोपाठ तीन! एकसारखे आवाज असे दाटीने आले की बोलणारे पिढ्यान्‌पिढ्या एखाद्याला हळूच शेजारच्या घरात ढकलतात. मधला ‘न’ ‘ल’ झाला, आणि पाली ग्रंथात नाव आलं मिलिंद. मराठीतही हे नेहमी घडलंय. ‘नवनीत’मध्ये दोन ‘न’ होते, त्याचं झालं लोणी. कडुनिंबाला आपल्याकडे कडुलिंबही म्हणतात. उलट प्रवासही होतो. संस्कृत ‘लांगल’मध्ये दोन ‘ल’ होते, त्याचा झाला आपला नांगर. रोज पोळीला लोणी लावताना ग्रीक राजाच्या नावाचा नियम तुमच्या ताटात असतो.

ज्या पाली ग्रंथात हा मिलिंद भेटतो त्याचं नाव ‘मिलिंदपञ्ह’, म्हणजे मिलिंदाचे प्रश्न. राजा भारी प्रश्न विचारणारा होता. त्याच्यासमोर विद्वान निरुत्तर होऊन जात. मग नागसेन नावाचे बौद्ध भिक्षू आले. आणि दोघांचं संभाषण सुरू होतं ते कशावरून, तर नावावरून! राजा त्यांचं नाव विचारतो. नागसेन सांगतात की मला नागसेन म्हणतात, पण ते नुसतं हाक मारण्यापुरतं नाव आहे. राजा बुचकळ्यात पडतो. मग नागसेन म्हणजे केस का? नखं? दात? नागसेन उलट विचारतात की तुम्ही रथातून आलात ना, मग रथ म्हणजे आस का? चाकं? जू? राजा प्रत्येकाला नाही म्हणतो, आणि मग त्याच्या ध्यानात येतं की हे सगळे भाग एकत्र जुळले की त्यांना ‘रथ’ हे नाव देतात. सायकलचा एकेक भाग घेऊन हा वाद तुम्ही मित्राशी घालून बघा. अर्धा तास सहज जातो.

या राजाची कीर्ती ग्रीसपर्यंत पोहोचली होती. प्लुटार्क या ग्रीक लेखकाने लिहिलंय की तो छावणीत वारल्यावर त्याच्या अस्थी कुणी न्यायच्या यावरून शहराशहरांत भांडण लागलं आणि शेवटी सगळ्यांनी त्या वाटून घेतल्या. त्याची नाणी तर त्याच्यानंतर दोनशे वर्षांनीही भडोचच्या बाजारात चालत होती. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक खलाशाने आपल्या टिपणात तसं नमूद केलं आहे. त्याच टिपणात आपलं पैठण आणि तेर यांचाही उल्लेख आहे. तिथला माल गाड्यांतून, अवघड वाटांनी भडोचला जायचा. म्हणजे पैठणच्या एखाद्या व्यापाऱ्याने मालाच्या बदल्यात मेनान्द्रोसचं नाणं हातात घेऊन उलटसुलट करून पाहिलं असेल. मला तर हे अगदी शक्य वाटतं.

आपल्याकडे सगळ्यांचंच मिलिंद हे नाव राजावरून ठेवलेलं असतं असं नाही. संस्कृतात भुंग्यालाही मिलिंद म्हणतात आणि कित्येक आईबाबांना तोच अर्थ आवडलेला असतो. तेव्हा तुमच्या ओळखीच्या मिलिंदला विचाराच, भुंगा की राजा? छत्रपती संभाजीनगरात मात्र शंकाच नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५० मध्ये तिथे सुरू केलेल्या महाविद्यालयाला या राजाचं नाव आहे, मिलिंद महाविद्यालय. आणि त्याच्या परिसराचं नाव नागसेनवन. प्रश्न विचारणारा आणि उत्तर देणारा, दोघेही एकाच आवारात!

नावांचा प्रवास दुसऱ्या दिशेनेही झाला. नाशिकच्या पांडवलेण्यांत सतराव्या क्रमांकाचं लेणं एका यवनाने, म्हणजे ग्रीक वंशाच्या माणसाने खोदवून घेतलं. उत्तरेकडच्या दातामिती नावाच्या गावचा असं त्याने तिथल्या ब्राह्मी लेखात सांगितलंय. हे गाव देमेत्रिओस नावाच्या ग्रीक राजाने वसवलं असावं, असं अभ्यासक म्हणतात. पण त्या यवनाचं स्वतःचं नाव? इंद्राग्निदत्त. आणि त्याच्या वडिलांचं धर्मदेव. कार्ल्याच्या चैत्यगृहातही खांबांसाठी दान देणाऱ्या यवनांची नावं कोरलेली आहेत. त्यातल्या एकाचं नाव सिंहध्वज.