विमेदार कामगाराची पत्नी : ब्रिटनमधील युद्धोत्तर आरोग्यसेवेची एक बाजू

ब्रिटनमधील राष्ट्रीय आरोग्य सेवा ५ जुलै १९४८ रोजी सुरू झाली. तिचे वर्णन सामान्यतः 'मोफत उपचार' या दोन शब्दांत केले जाते. कामगार कुटुंबांच्या दृष्टीने मात्र हे उपचार कोणाला मिळू लागले, हा प्रश्न अधिक महत्त्वाचा ठरतो.

१९११ च्या राष्ट्रीय विमा कायद्यान्वये पुरुष कामगाराच्या वेतनातून दर आठवड्यास ४ पेन्स कापले जात. त्यात मालक ३ व शासन २ पेन्सांची भर घालीत असे. या वर्गणीच्या बदल्यात यादीवरील डॉक्टरची सेवा मिळे, परंतु ती केवळ विमेदारास. प्रसूतीसाठीचे ३० शिलिंगांचे साहाय्य वगळता घरी राबणारी त्याची पत्नी व मुले या तरतुदीबाहेरच राहिली. सर्वसाधारण रुग्णालयीन उपचारही त्यात नव्हते. याचा परिणाम काय झाला, ते मार्जरी स्प्रिंग राइस यांच्या १९३९ मधील ग्रंथातून दिसून येते. १२५० विवाहित स्त्रियांच्या माहितीवर आधारलेल्या या ग्रंथात रक्तक्षय, दातांचे विकार आणि बाळंतपणानंतर कायमच्या जडलेल्या व्याधी वारंवार आढळतात. पैसा आधी नवऱ्याच्या व मुलांच्या पोटासाठी. स्वतःचे दुखणे मात्र अंगावर काढायचे, असा हा संसार होता.

दुसऱ्या महायुद्धात रुग्णालयांचे नियोजन शासनाने हाती घेतले. बेव्हरिज अहवालाने डिसेंबर १९४२ मध्ये सर्वांसाठी आरोग्यसेवा गृहीत धरली. १९४५ मध्ये आरोग्यमंत्री झालेले अन्यूरिन बेव्हन हे पूर्वाश्रमीचे खाणकामगार. वेल्समधील त्यांच्या ट्रेडेगर गावी कामगारांच्या वर्गणीतून चालणारी वैद्यकीय साहाय्य संस्था कुटुंबीयांवरही उपचार करीत असे. बेव्हन यांनी नव्या सेवेचा खर्च मुख्यतः सर्वसाधारण करांतून भागविला. उपचाराचा हक्क वर्गणीशी निगडित न राहिल्याने पत्नीचे नाव प्रथमच तिच्या स्वतःच्या अधिकाराने डॉक्टरच्या यादीत आले. डॉक्टरांच्या संघटनेचा विरोध बराच गाजला. या बदलाची चर्चा त्या मानाने कमीच झाली.

प्रारंभीच चष्मे व दंतकवळ्या यांची मागणी अंदाजाबाहेर गेली. टीकाकारांना ती उधळपट्टी वाटली. वस्तुतः अनेक वर्षे साचलेली गरज एकाच वेळी दवाखान्याच्या दारी आली होती. १९५१ मध्ये याच दोन बाबींवर आकार बसविण्याचे ठरले, तेव्हा बेव्हन यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. १९५२ पासून औषधांच्या चिठ्ठीमागेही १ शिलिंग घेतला जाऊ लागला.